दोन रात्रींच्या भरवशावर ट्रॉम्सोला जाऊ नका

प्रश्न : मी 62 वर्षांची निवृत्त शिक्षिका, नाशिकला राहते. ‘हे’ बँकेतून निवृत्त झाले, वय 67, बीपीची गोळी चालू आहे. माझे गुडघे कुरकुरतात, पण चालती-फिरती आहे. शाळेत भूगोल शिकवत होते तेव्हापासून ध्रुवीय प्रकाश, म्हणजे नॉर्दर्न लाइट्स, एकदा प्रत्यक्ष बघायचं वेड आहे. घरी सासूबाई 89 वर्षांच्या. नणंदबाई येऊन राहतील, पण आठच दिवस. एका टूर कंपनीची 26 जानेवारीला जोडून आठ दिवसांची सहल आहे : कोपनहेगन, ओस्लो, उत्तर नॉर्वेतल्या ट्रॉम्सोला दोन रात्री, मग हेलसिंकी. माणशी सव्वाचार लाख. जाहिरातीत लिहिलंय, ‘सूर्याचा जोर ओसरतोय, शेवटची संधी, दर्शनाची हमी.’ हे म्हणतात, नाही दिसलं तर साडेआठ लाख बर्फात गेले. भाचा म्हणतो, लडाखला हानलेहूनही दिसतं, नॉर्वे कशाला? जावं का? थंडी झेपेल का? गाइड घ्यावा की आपलं आपण बघता येतं?
— एक वाचक, नाशिक

उत्तर : ताई, जा. पण या सहलीने जाऊ नका.

आठ दिवसांत चार शहरं, आणि ज्याच्यासाठी एवढा खटाटोप ते ट्रॉम्सो फक्त दोन रात्री. त्यातल्या पहिल्या रात्री तुम्ही ओस्लोहून संध्याकाळी पोचणार. बॅगा हाती येऊन, चाव्या वाटून, ग्रुपचं जेवण उरकेपर्यंत दहा वाजणार. म्हणजे खरी रात्र एकच. ती ढगात गेली की सकाळी हेलसिंकीचं विमान. जानेवारी अखेरीच्या कोपनहेगनमध्ये साडेचारलाच दिवेलागण होते आणि वारा ओला असतो. तिथे घालवलेले दोन दिवस मला तरी ट्रॉम्सोकडून चोरलेले वाटतात. या सहली बसतात त्या ब्रोशरवर शहरांची नावं जास्त दिसावीत म्हणून. चार नावं वाचली की सव्वाचार लाख वाजवी वाटायला लागतात.

तुमच्या यजमानांना बँकेतला हिशोब पटेल, म्हणून तो मांडते. सोपं जावं म्हणून धरून चालू की एका रात्री दिसण्याची शक्यता निम्मी. एक रात्र राहिलात तर 50 टक्के, दोन राहिलात तर 75, चार राहिलात तर जवळपास 94. प्रत्यक्षात आकडे इतके गुळगुळीत येत नाहीत, कारण ढग एकदा आले की दोन-दोन, तीन-तीन दिवस मुक्काम ठोकतात. पण कल कळावा इतपत हे पुरे आहे. चार रात्री, एकाच ठिकाणी. त्याखाली जमत नसेल तर यंदा राहू द्या, पुढच्या वर्षी जा.

आता ‘शेवटची संधी’. भूगोल शिकवलात म्हणून जरा खोलात जाते. सूर्याचा जोर वाढण्या-ओसरण्याचं चक्र सुमारे 11 वर्षांचं. चालू चक्र, 25 वं, शिखराच्या टप्प्यात पोचल्याचं अमेरिकेच्या नासा आणि नोआ या संस्थांनी ऑक्टोबर 2024 मध्ये जाहीर केलं. जोर ओसरतोय यात खोटं काही नाही. पण सूर्याकडून सुटलेला कणांचा झोत दोन-तीन दिवसांत पृथ्वीपाशी येतो, आपल्या चुंबकीय क्षेत्रात खळबळ माजते आणि त्या क्षेत्राच्या रेषांवरून इलेक्ट्रॉन ध्रुवांजवळच्या हवेत घुसतात, तेव्हा ते चुंबकीय ध्रुवाभोवती एका कड्याच्या आकारात घुसतात. ट्रॉम्सो साडेएकोणसत्तर अंश उत्तरेला, बरोबर त्या कड्याखाली आहे. सूर्य सुस्तावलेला असतो त्या वर्षांतही हे कडं काही विझत नाही. शिखराचा उपयोग मुख्यतः दूरच्यांना : जर्मनीला, इंग्लंडला, फार तर आपल्याला. शिवाय चक्राच्या उतरणीवर सूर्यावर अशी विवरं तयार होतात की ज्यांतून वेगवान झोत बाहेर पडतात, आणि सूर्य स्वतःभोवती साधारण 27 दिवसांत फिरतो म्हणून तेच झोत पुन्हा पुन्हा पृथ्वीकडे येतात. म्हणजे अजून काही वर्षं तुम्हाला घाई नाही. घाई कंपनीला आहे, सीटा भरायची.

भाच्याचं म्हणणं अर्धं खरं आहे. 10 मे 2024 च्या रात्री हानलेच्या वेधशाळेतल्या कॅमेऱ्यांनी लाल झाक टिपली होती. पण ते दोन दशकांतलं सर्वांत मोठं चुंबकीय वादळ होतं. आणि लालच का दिसलं, हे तुम्ही वर्गात फळ्यावर काढून दाखवाल : हिरवा प्रकाश साधारण 100 ते 150 किलोमीटर उंचीवर, लाल 200 किलोमीटरच्या वर. इतक्या दक्षिणेकडून खालचा हिरवा भाग क्षितिजाआड बुडलेला, वरची लाल कड तेवढी डोकावते. तीही कॅमेऱ्याला, डोळ्याला जेमतेम. हानलेला जरूर जा, ताऱ्यांसाठी जा. या प्रकाशासाठी तिथे जाणं म्हणजे लॉटरीचं तिकीट.

आता जाहिरातीतली ‘दर्शनाची हमी’. कंपनीला फोन करून एकच विचारा : हमी म्हणजे काय, ते लेखी द्याल का? बहुतेक ठिकाणी तिचा अर्थ, आज दिसलं नाही तर उद्याच्या फेरीत फुकट या, एवढाच असतो. उद्या सकाळी हेलसिंकीला उडणाऱ्या माणसाला त्या हमीचा काय उपयोग? पैसे परत करणारे थोडे, आणि तेसुद्धा बहुधा फेरीचे, तुमच्या विमानाचे नव्हेत.

गाइड घ्यावा का? हो, आणि पैसे कुठे वाचवायचे असतील तर इथे नको. ट्रॉम्सो बेटावर आहे, समुद्रावरून ढग सतत येत राहतात. स्वच्छ आभाळ पुष्कळदा डोंगरांपलीकडे असतं : शीबोटन खोऱ्यात किंवा आणखी आत, फिनलंडच्या हद्दीत किल्पिसयार्वीला, सुमारे 160 किलोमीटरवर. तिथे पाऊस-बर्फ कमी, हवा कोरडी. स्थानिक गाइडचं खरं काम आकाशातला प्रकाश दाखवणं नसून ढगातली फट शोधणं आहे. दुपारपासून तो उपग्रहाची चित्रं बघत असतो, दुसऱ्या व्हॅनवाल्यांशी फोनवर बोलत असतो, आणि संध्याकाळी सहा-साडेसहाला निघताना ठरवतो, आज किनाऱ्याने की आत. बर्फाळ रस्त्यावर, अंधारात, खिळ्यांच्या टायरची गाडी चालवणं हे भाड्याची कार घेऊन आपण करायचं काम नाही. नाशिक-त्र्यंबक रस्त्यावर कितीही वर्षं गाडी मारलेली असो.

या फेऱ्यांचे प्रकार तीन. मोठी बस, चाळीस-पन्नास माणसं : स्वस्त, पण वळायला-थांबायला जड. आठ ते पंधरा जणांची व्हॅन, ढगांचा पाठलाग करणारी : माणशी साधारण दीड-दोन हजार क्रोनर (क्रोनर आठ-नऊ रुपयांच्या आसपास धरा), सहा-आठ तास, कधी पहाटे दोनला परत. तिसरा प्रकार तळ ठोकण्याचा : शहराबाहेर सामी लोकांच्या (तिथले मूळ रहिवासी) लाव्हो नावाच्या तंबूत शेकोटी, सूप, आणि बाहेर प्रकाश आला की उठून बघायचं.

इथे जाहिरात कधी सांगत नाही ती गोष्ट सांगते. व्हॅनमध्ये बाथरूम नसते. वाटेत पेट्रोल पंप लागला तर ठीक, नाहीतर झुडपाआड, गुडघाभर बर्फात, तीन थर उतरवून. साठीतल्या बाईला हा प्रश्न बीपीपेक्षा मोठा असतो. त्या भीतीने बायका दिवसभर पाणी पीत नाहीत आणि मग थंडी जास्त लागते, डोकं दुखतं. म्हणून तुमच्यासाठी माझी वाटणी अशी : एक रात्र तळावरची, तिथे संडासाची सोय असते, दोन रात्री छोट्या व्हॅनच्या, पण बुक करण्याआधी ‘वाटेत थांबे कुठे, सोय काय’ हे ईमेलने विचारूनच. ट्रॉम्सोत सगळ्यांना इंग्रजी येतं, संकोच नको. चौथी रात्र मोकळी ठेवा. आभाळ बरं असेल त्याप्रमाणे तिथे गेल्यावर ठरवा. व्हॅन मिळालीच नाही तर बेटावरच प्रेस्टवानेट नावाचा तलाव आहे, वस्तीच्या जरा वर आणि अंधारातला. टॅक्सीने जाऊन तासभर उभं राहता येतं.

आणखी एक बारीक पण महत्त्वाचं. व्हॅन फिनलंडमध्ये जायची शक्यता असते म्हणून पासपोर्ट खिशात हवा. नॉर्वे, फिनलंड दोन्ही शेंगेनमध्ये, म्हणजे युरोपातल्या एकाच सामायिक व्हिसाच्या क्षेत्रात, त्यामुळे एकदाच प्रवेशाच्या व्हिसालाही अडचण नाही. आपल्याकडचे टूर मॅनेजर सगळ्यांच्या पासपोर्टचा गठ्ठा स्वतःच्या बॅगेत ठेवतात, ती सवय इथे नडते.

तारखा. 26 जानेवारीची सुट्टी तुम्हा दोघांना कशाला हवी? तुम्ही तर निवृत्त. ट्रॉम्सोत साधारण 27 नोव्हेंबर ते 15 जानेवारी सूर्य उगवतच नाही. दुपारी दोन-तीन तास निळी-गुलाबी संधिप्रकाशाची वेळ असते, तीही सुरेख, पण पहिल्यांदा जाणाऱ्याला सततचा अंधार जड जातो. 21 जानेवारीला तिथे सूर्य परत आल्याचा दिवस साजरा करतात, शाळेतली मुलं आणि ऑफिसातली माणसं गोल गोड पाव खातात. आपली संक्रांत होऊन आठवडा झालेला असतो. त्यानंतर दिवस भराभर मोठा होतो. फेब्रुवारीचा मध्य ते मार्चचा तिसरा आठवडा हा काळ मला सर्वांत पसंत : दिवसा लख्ख उजेडात बर्फाचे डोंगर बघता येतात आणि रात्र पुरेशी काळी असते. विषुवदिनाच्या आसपास पृथ्वीचं चुंबकीय क्षेत्र सूर्याच्या झोताशी अधिक सहज जुळतं, त्यामुळे मार्च आणि सप्टेंबरमध्ये प्रकाशाचे खेळही जास्त होतात. एप्रिलच्या मध्यानंतर मात्र रात्र उजळायला लागते, मग काही अर्थ नाही.

आणि त्यातही भिंतीवरचं कालनिर्णय काढा, महाशिवरात्र कधी आहे ते बघा. माघ वद्य चतुर्दशी, म्हणजे अमावास्या दुसऱ्याच दिवशी, आणि सण नेहमी फेब्रुवारी-मार्चमध्येच येतो. त्याच्या दोन दिवस आधीपासून पुढचा आठवडाभर चंद्राचा त्रास नाही. तुम्हाला हवा तोच हंगाम, हव्या त्याच काळ्या रात्री. उपासाचं काय करायचं ते तुम्ही ठरवा. साबुदाणा बॅगेत मावतो. पौर्णिमेला काही अनर्थ होतो असं नाही, चांदण्यात बर्फ चमकतो आणि फोटोही छान येतात, पण फिकट प्रकाश मात्र बुडून जातो.

मोबाइलवर ॲप घ्याल, त्यात केपी नावाचा 0 ते 9 आकडा असतो, चुंबकीय खळबळीचा. तो 1 किंवा 2 दिसला की ग्रुपमधले लोक तोंड पाडतात. ट्रॉम्सोला 1-2 पुरतो, कारण तुम्ही कड्याखालीच उभे आहात. शिवाय झोत नेमका कसा आहे हे पृथ्वीच्या अलीकडे, सूर्याच्या बाजूला असलेल्या उपग्रहांना जेमतेम तासभर आधी कळतं. परवाच्या अंदाजावरून रात्र रद्द करू नका. ढगांचा अंदाज बघा. नॉर्वेच्या हवामान खात्याचं ‘यर’ नावाचं ॲप फुकट आहे.

दिसतं कसं, हे आधी सांगितलेलं बरं, नाहीतर तिथे जाऊन खट्टू व्हाल. ब्रोशरमधला हिरवागार फोटो कॅमेऱ्याचं शटर काही सेकंद उघडं ठेवून काढलेला असतो. अंधारात आपल्या डोळ्याला रंग नीट कळत नाहीत. सुरुवातीला बहुधा असं होतं : गाइड एका काळोख्या वळणावर गाडी लावतो, दिवे बंद करतो, रेनडिअरची कातडी पसरून शेकोटी पेटवतो. उत्तरेला डोंगराच्या वर एक धुरकट, पांढुरका पट्टा. कोणीतरी म्हणतं, अरे ढग आहे. गाइड तिकाटण्यावर कॅमेरा लावून तीन सेकंदांचा फोटो घेतो, आणि पडद्यावर तो ‘ढग’ पोपटी निघतो. पुष्कळ रात्री एवढ्यावरच भागतं. पण कधी तोच पट्टा दहा-पंधरा मिनिटांत जाड होतो, मधोमध घडी पडते, खालच्या कडेला गुलाबी झालर येते आणि सगळं डोक्यावरून सरकायला लागतं. तेव्हा कॅमेऱ्याची गरज राहत नाही, डोळ्यालाच रंग दिसतात. हा जोर काही मिनिटं टिकतो आणि ओसरतो. नेमका त्याच वेळी मोबाइलचा टॉर्च लावून सेल्फी घेणारा एक तरी ग्रुपमध्ये असतोच. अंधाराला डोळे सरावायला वीसेक मिनिटं लागतात, आणि अशा एका टॉर्चने ती सगळी वाया जातात. आपला मोबाइल आतल्या खिशात ठेवा, थंडीत बॅटरी झपाट्याने उतरते.

थंडी झेपेल. ट्रॉम्सोला समुद्राचा उबदार प्रवाह लाभलाय. फेब्रुवारीत शहरातलं सरासरी तापमान शून्याखाली तीन-चार अंश असतं. आत खोऱ्यात मात्र कधी कधी उणे 20 किंवा खाली. तिथे बहुतेक गाइड कंपन्या अंगभर जाड सूट आणि बूट देतात. बुक करताना विचारून घ्या आणि महागडी जाकिटं विकत घेऊ नका. स्वतःचं न्यायचं ते आतलं : लोकरीचे अंगालगतचे कपडे, दोन जोड. सुती बनियन आतून नको, घाम धरून ठेवतो आणि मग गारठा हाडात जातो. बुटात बोटं हलायला हवीत. दोन जाड मोजे कोंबून बूट घट्ट केला तर पाय आधी गार पडतात. यजमानांची माकडटोपी जरूर न्या, ती तिथे कोणालाच विचित्र वाटत नाही. थंडीत रक्तवाहिन्या आकसतात, बीपी चढतं, म्हणून निघण्याआधी एकदा त्यांच्या डॉक्टरांना दाखवा. गोळ्या केबिन बॅगेत, प्रिस्क्रिप्शनसकट.

मला काळजी तुमच्या गुडघ्यांची आहे, आणि तीही थंडीमुळे नव्हे. ट्रॉम्सोत पर्यटक जायबंदी होतात ते फुटपाथवर. दिवसा वितळलेला बर्फ रात्री काचेसारखा होतो. बुटावर ओढून बसवायचे रबरी पट्टे मिळतात, खाली पोलादी दात असलेले, तिथे ब्रोडर म्हणतात. पोचल्या पोचल्या पहिली खरेदी ती करा, दोघांसाठी. दुकानात, हॉटेलात शिरताना काढायचे, फरशीवर ते उलट घसरतात. कुत्र्यांची गाडी तुम्ही टाळा, हिसक्यांनी कंबर आणि गुडघे दोन्ही बोलतील. दिवसा केबल कारने डोंगरावर जा, सामी लोकांच्या रेनडिअरच्या तळावर जा, दुपारी झोपा. रात्री जागायचंय.

राहायला स्वयंपाकघर असलेलं छोटं अपार्टमेंट घ्या. नॉर्वेत बाहेर दोघांचं साधं जेवण तीन-चार हजार रुपयांना सहज पडतं. पोहे, मेतकूट, खिचडीचं मिश्रण, लोणचं न्या. पण पेढे, खवा, तूप, चीज नको. युरोपबाहेरून दूध आणि मांसाचे पदार्थ नेऊ देत नाहीत.

आठ दिवसांत बसेल असा बेत : मुंबईहून पहाटेचं विमान, युरोपात कुठेतरी बदलून ओस्लो, त्याच संध्याकाळी ट्रॉम्सो. चार रात्री तिथे. पाचवी रात्र परतीच्या वाटेवर ओस्लोत, म्हणजे बर्फामुळे विमान अडकलं तरी पुढचं चुकणार नाही. सातव्या दिवशी घरी, आठवा हाताशी. तुमच्या टूर कंपनीलाच हा बेत टाका. वैयक्तिक सहल बांधून देणारे त्यांच्यातही असतात. त्यांनी नाहीच केलं तर चांगला ट्रॅव्हल एजंट विमान आणि व्हिसा करून देईल, गाइड तुम्ही थेट बुक करा. व्हिसा नॉर्वेचाच मागायचा, कारण मुक्काम तिथे जास्त. अर्ज सहा महिने आधीपासून करता येतो, फी 90 युरो, आणि किमान 30,000 युरोचा वैद्यकीय विमा लागतो. परतल्यानंतर तीन महिने तरी पासपोर्ट चालू असायला हवा, आज कपाटातून काढून तारीख बघा.

राहिली यजमानांची शंका. चार रात्रींतही नाही दिसलं, असं होऊ शकतं, आणि त्यावर कोणाकडे इलाज नाही. त्यांना सरळ विचारा : बर्फातले डोंगर, समुद्रकाठचं गाव, रेनडिअर, आणि आठ दिवस सासूबाईंच्या औषधांच्या वेळा न सांभाळता तुम्ही दोघंच, एवढ्यासाठी हा खर्च चालेल का? ते ‘नाही’ म्हणाले तर त्यांना ओढून नेऊ नका, सगळ्या रात्री घड्याळ बघत बसतील. अशा वेळी मैत्रिणीला घेऊन तुम्ही जा. निवृत्त शिक्षिकांच्या जोड्या तिथे खूप दिसतात, आणि त्या शेकोटीपाशी शेवटपर्यंत बसलेल्या असतात.

नणंदबाईंना तारखा कळवताना मात्र महाशिवरात्र आहे हे आधीच सांगा. त्यांचाही काही बेत असेल.